डीएलएल सापडत नाही म्हणे! छपाई अडली की आधी काय बघायचं

इंदूरच्या रामबागेत माझं छोटंसं दुकान आहे. झेरॉक्स, प्रिंट, ऑनलाइन फॉर्म, लॅमिनेशन, एवढाच पसारा. जूनमधली एक संध्याकाळ. पावसाआधीची वावटळ येऊन गेली, वीज दोनदा गेली नि दोनदा आली, आणि यूपीएसची बॅटरी मी महिनाभर 'बदलू, बदलू' म्हणत होतो. नेमकं तेव्हाच प्रिंटरचं सॉफ्टवेअर स्वतःला अपडेट करत बसलं होतं. वीज आल्यावर भंवरकुआँच्या क्लासची तीन मुलं प्रवेशपत्रं काढायला आली. भाचीनं प्रिंटचं बटण दाबलं आणि पडद्यावर चौकट आली. व्हीसीरनटाइम१४० डॉट डीएलएल ही फाइल सापडत नाही, म्हणून प्रोग्रॅम पुढे जाऊ शकत नाही. प्रोग्रॅम पुन्हा बसवून बघा.

"मामा, ही कुठली फाइल? आपण तर काही पुसलं नाही."

मी मुलांना शेजारच्या दुकानात पाठवलं आणि मग जे करू नये ते केलं. फाइलचं नाव गूगलवर टाकलं, पहिल्या साइटवरून ती उतरवली, सिस्टिम३२ नावाच्या फोल्डरमध्ये नेऊन ठेवली. चौकट बदलली. आता ती शून्य-एक्स-सी०००००७बी म्हणायला लागली. वर त्या साइटनं फाइलबरोबर आणखी काहीबाही पाठवलं होतं, ते ब्राउझरमधून काढण्यात दुसरा दिवस गेला. एका मेकॅनिकला फोन केला तर तो म्हणाला, "भिया, फॉर्मॅट मार दो." फॉर्मॅट मारायची गरज नव्हती. दुरुस्ती शेवटी वीस मिनिटांत झाली, तीही फुकट.

त्यानंतर भाचीनं वहीत जे उतरवून घेतलं, ते इथे देतो आहे. दुकानात, ऑफिसात किंवा घरी ज्यांच्या गळ्यात नुकतंच प्रिंटरचं काम पडलंय त्यांच्यासाठी हे आहे. फायलींची नावं आणि आज्ञा मी देवनागरीत, उच्चाराप्रमाणे लिहिल्या आहेत. टाइप मात्र इंग्रजी अक्षरांतच करायच्या.

सामायिक फाइल म्हणजे काय

गणेशोत्सव मंडळाकडे मोठी पातेली असतात. वाड्यातल्या प्रत्येक घरानं पन्नास माणसांचं पातेलं विकत घ्यायची गरज नसते. ज्याच्याकडे कार्य असेल त्यानं न्यावं, वापरावं, परत ठेवावं. डीएलएल, म्हणजे सामायिक फाइल, हे तसलं पातेलं. एकाच कामाचा कोड दहा प्रोग्रॅमांत दहादा लिहिण्याऐवजी तो एका फाइलीत ठेवतात आणि लागेल तो प्रोग्रॅम ती फाइल बोलावतो. जागा वाचते, आणि दुरुस्ती एकदा केली की सगळ्यांना मिळते. तोटाही तोच. कुणी दुसऱ्याच मापाचं झाकण परत आणून ठेवलं, की पुढच्या कार्यात भलत्याच माणसाची पंचाईत होते. चौकट ज्या प्रोग्रॅमच्या नावानं आली त्याचा दोष असेलच असं नाही, हे त्यामुळेच.

म्हणून माझं एकच सांगणं आहे. फाइल शोधायला निघण्याआधी ती कुणाची आहे ते शोधा. मालक कळला की ती कुठून आणायची ते आपोआप कळतं.

कागद येईपर्यंत कोण कोण राबतं

तुम्ही वर्डमध्ये प्रिंट म्हणता तेव्हा वर्ड थेट प्रिंटरशी बोलत नाही. तो विनस्पूल डॉट डीआरव्ही या फाइलीला निरोप देतो. (शेवटी डीआरव्ही असलं तरी ती आतून डीएलएलच आहे.) तिथून निरोप जातो स्पूलरकडे. स्पूलर ही विंडोजमध्ये सतत चालू असलेली, छपाईची कामं रांगेत लावणारी सेवा. तिच्या प्रोग्रॅमचं नाव स्पूलएसव्ही डॉट ईएक्सई. तिच्या पोटात स्पूलएसएस डॉट डीएलएल असते, जी आलेलं काम कुणाकडे द्यायचं ते ठरवते. याच कॉम्प्युटरला जोडलेला प्रिंटर असेल तर लोकलएसपीएल डॉट डीएलएल ते घेते, दुसऱ्या कॉम्प्युटरवरचा असेल तर विन३२एसपीएल डॉट डीएलएल.

मग काम डिस्कवर उतरतं. सी ड्राइव्हमध्ये विंडोज, त्यात सिस्टिम३२, त्यात स्पूल, त्यात प्रिंटर्स, असं ते फोल्डर. एका कामाच्या दोन फायली बनतात: एसपीएलमध्ये छापायचा मजकूर आणि एसएचडीमध्ये त्या कामाचा तपशील, म्हणजे कुणाचं, किती प्रती, कुठला प्रिंटर. पुढे विनप्रिंट डॉट डीएलएल हा मजकूर उचलते, ड्रायव्हर त्याचं प्रिंटरच्या भाषेत रूपांतर करतो आणि शेवटी पोर्टची, म्हणजे प्रिंटर जिथे जोडलाय त्या वाटेची, फाइल तो बाहेर ढकलते. यूएसबीसाठी यूएसबीमॉन, नेटवर्कच्या प्रिंटरसाठी टीसीपीमॉन.

ड्रायव्हर ही एकच फाइल नसते, हे नवख्यांना माहीत नसतं. तो पाच-पंधरा फायलींचा गठ्ठा असतो. स्पूल फोल्डरमध्येच ड्रायव्हर्स, एक्स६४, आणि मग नुसतं '३' नावाचं फोल्डर. तिथे उघडून बघा. युनिडीआरव्ही आणि पीस्क्रिप्ट५ या मायक्रोसॉफ्टच्या दोन फायली पुष्कळदा दिसतील, कारण अनेक कंपन्या आपला ड्रायव्हर त्यांच्यावरच उभा करतात. बाकीच्या विचित्र नावांच्या फायली तुमच्या प्रिंटरच्या कंपनीच्या. बघा, पण हात लावू नका.

ही सगळी नावं पाठ करायची नाहीत. यातलं एखादं चौकटीत दिसलं तर साखळीचा कुठला दुवा तुटलाय ते कळावं, इतकंच.

फायलींना हात लावण्याआधीची दहा मिनिटं

पहिलं काम: कॉम्प्युटर बाजूला ठेवा. प्रिंटरचं स्वतःचं चाचणीपान काढा. बहुतेक प्रिंटरांवर एखादं बटण काही सेकंद दाबून ठेवलं की ते निघतं. कुठलं, ते पुस्तिकेत असतं. ते निघालं नाही तर डीएलएलचा विषयच नाही, मशीन बघा.

ते निघालं की विंडोजचं चाचणीपान. सेटिंग्जमध्ये प्रिंटर्स अँड स्कॅनर्स, तिथे तुमचा प्रिंटर, मग प्रिंट टेस्ट पेज. इथेच वाट फुटते. हे पान निघालं म्हणजे स्पूलर आणि ड्रायव्हर धड आहेत, दोष ज्या प्रोग्रॅममधून छापत होतात त्याच्या बाजूला. नाही निघालं, तर दोष स्पूलर किंवा ड्रायव्हरच्या बाजूला. माझ्याकडे येणारी निम्मी माणसं ही एक चाचणी न करताच ड्रायव्हर काढून टाकून आलेली असतात.

त्यानंतर रांग साफ करा. वीज गेल्यानंतरच्या तक्रारींत तर हेच आधी. अर्धवट लिहिलेली एसपीएल फाइल रांगेत राहिली, की स्पूलर उठतो, ती वाचायला जातो आणि कोसळतो. पुन्हा उठतो, पुन्हा कोसळतो. माणसाला वाटतं डीएलएल बिघडली. विंडोज आणि आर ही बटणं एकत्र दाबा, सर्व्हिसेस डॉट एमएससी टाइप करा, यादीत प्रिंट स्पूलर शोधा, त्यावर उजवी क्लिक करून स्टॉप. खिडकी बंद करू नका. आता वर सांगितलेलं स्पूलमधलं प्रिंटर्स फोल्डर उघडा. परवानगी मागेल, द्या. आतल्या फायली पुसा, फोल्डर नव्हे. परत त्या खिडकीत येऊन स्टार्ट. रांगेतली सगळ्यांची कामं यात जातात, म्हणून ऑफिसात असाल तर आधी आवाज द्या.

स्पूलर सुरूच होत नसेल आणि १०६८ हा आकडा दाखवत असेल, तर तो ज्या सेवेच्या आधारावर उभा आहे तीच बंद आहे. स्पूलर रिमोट प्रोसीजर कॉल, म्हणजे आरपीसी, या सेवेशिवाय चालत नाही. त्याच यादीत ती चालू आहे ना ते बघा.

चौकट नीट वाचा, आकड्यासकट

चौकट आली की आपला हात आपोआप ओके वर जातो. आधी मोबाइलनं फोटो काढा. भाचीला ही सवय लावायला मला दोन महिने लागले, मला स्वतःला त्याहून जास्त. शब्द सारखेच वाटतात, पण आकडे निरनिराळी गोष्ट सांगतात.

१२६, किंवा तोच आकडा संगणकी पद्धतीनं लिहिलेला ०एक्स७ई: सांगितलेली फाइल सापडली नाही. इथे एक फसवणूक आहे. पुष्कळदा ती फाइल आपल्या जागी ठणठणीत असते, पण तिला जी दुसरी फाइल लागते ती नसते, आणि विंडोज ओरडतं पहिलीच्या नावानं. फाइल डोळ्यांसमोर असून 'सापडत नाही' म्हणतोय म्हणजे कॉम्प्युटरला वेड लागलंय असं नव्हे. तिची सोबतीण हरवली आहे.

१२७: फाइल सापडली, पण तिच्यात हवं ते काम नाही. आवृत्तीची गल्लत. नव्या प्रोग्रॅमला जुनी फाइल मिळाली किंवा उलट. दुसऱ्या कॉम्प्युटरवरून फाइल कॉपी करून आणणाऱ्यांना हा आकडा हमखास भेटतो.

१९३ आणि ०एक्ससी०००००७बी: फाइल आहे, पण भलत्या जातीची. बहुधा ३२ बिट (प्रोग्रॅमांचा जुना प्रकार) आणि ६४ बिट (नवा प्रकार) यांची सरमिसळ, क्वचित फाइल अर्धवट उतरलेली. माझं त्या संध्याकाळी हेच झालं होतं. प्रोग्रॅम ६४ बिटचा, आणि मी आणलेली फाइल ३२ बिटची.

यावर भाचीचा प्रश्न चोख होता. "पण मामा, तुम्ही ती सिस्टिम३२ मध्येच ठेवली होती ना? मग ३२ वाली तिथेच नको का?"

नको. नाव जुनं राहिलं आहे. आजच्या ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टिम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फायली असतात आणि ३२ बिटच्या फायली सिसवाऊ६४ नावाच्या फोल्डरात. उलटं वाटतं, आहेच उलटं. जुने प्रोग्रॅम सिस्टिम३२ हे नाव धरूनच लिहिलेले होते, म्हणून ते बदललं नाही. ज्यानं कुणी हे ठरवलं त्याला माझ्या काउंटरवर एक दिवस बसवायला हवं.

फाइल कुणाची आहे

चौकटीत नावच नसेल, प्रिंट नुसतं गायब होत असेल किंवा स्पूलर मुकाट्यानं बंद पडत असेल, तर विंडोजची रोजनिशी उघडा. विंडोज आणि आर, मग इव्हेंटव्ह्यूअर डॉट एमएससी. पण टाइप करताना 'व्ह्यूअर' पूर्ण नाही, ई-व्ही-ई-एन-टी-व्ही-डब्ल्यू-आर, असं आखूड. डावीकडे विंडोज लॉग्ज, त्यात ॲप्लिकेशन. बिघाड झाला त्या वेळेच्या आसपासची लाल खुणेची नोंद शोधा, क्रमांक १०००. ती उघडली की दोन ओळी कामाच्या. 'फॉल्टिंग ॲप्लिकेशन' समोर स्पूलएसव्ही दिसेल. 'फॉल्टिंग मॉड्यूल' समोर जे नाव दिसेल तो तुमचा संशयित, आणि खाली त्याचा पूर्ण पत्ताही असतो.

संशयित एनटीडीएलएल डॉट डीएलएल निघाला तर थांबा. ही विंडोजची पायाभूत फाइल. दुसऱ्या कुणी स्मृतीत घाण केली की कोसळणं मात्र हिच्या दारात होतं. ती बदलायच्या फंदात पडू नका. आगेमागे आणखी नोंदी असतील तर त्यांत दुसरं नाव सापडतं का ते बघा, नाहीतर ड्रायव्हरवर संशय धरून पुढे चला.

नाव मिळालं की फाइलीच्या पत्त्यावर जा, उजवी क्लिक, प्रॉपर्टीज, डीटेल्स. प्रॉडक्ट नेम आणि कॉपीराइट या दोन ओळी मालक सांगतात: मायक्रोसॉफ्ट, प्रिंटरची कंपनी, की तिसराच कुणी. शेजारी डिजिटल सिग्नेचर्स हा टॅब असेल तर सहीसुद्धा बघता येते. पण विंडोजच्या स्वतःच्या अनेक फायलींवर हा टॅब दिसत नाही, कारण त्यांच्या सह्या वेगळ्या कॅटलॉग फाइलीत असतात. टॅब नाही म्हणून फाइल खोटी, असा निष्कर्ष काढू नका.

मालक तीन प्रकारचे निघतात.

मालक विंडोज असेल

स्टार्टमध्ये सीएमडी टाइप करा, उजवी क्लिक, रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर. काळ्या खिडकीत दोन आज्ञा द्यायच्या. आधी डिझम, म्हणजे डी-आय-एस-एम. मग जागा सोडून तिरपी रेघ आणि ऑनलाइन. जागा, तिरपी रेघ, क्लीनअप, आडवी रेघ, इमेज. जागा, तिरपी रेघ, रिस्टोअरहेल्थ. रेघ प्रश्नचिन्हाच्या बटणावरची, दुसरी नव्हे. तिरप्या रेघेनंतर जागा सोडायची नाही, आधी सोडायची. या आज्ञेला इंटरनेट लागतं, कारण चांगल्या फायली ती विंडोज अपडेटकडून मागवते. आकडा मधेच कुठेतरी थबकतो. चहा घेऊन या, खिडकी बंद करू नका.

ती संपली की दुसरी. एसएफसी, जागा, तिरपी रेघ, स्कॅननाऊ. ही विंडोजच्या राखीव फायली एकेक तपासते आणि बिघडलेल्या बदलते. शेवटी बहुधा तीनपैकी एक निकाल मिळतो: काही बिघाड नाही; बिघाड होता, दुरुस्त केला; किंवा बिघाड आहे, पण काही फायली दुरुस्त करता आल्या नाहीत. तिसरा निकाल आला तर कॉम्प्युटर रीस्टार्ट करून दोन्ही आज्ञा त्याच क्रमानं पुन्हा द्या.

क्रम का? एसएफसी दुरुस्तीसाठी ज्या साठ्यातून फायली घेते, तो साठाच आधी डिझम नीट करते. साठा नासका असेल तर एसएफसी नासकंच वाढणार.

लक्षात ठेवा, एसएफसीला फक्त विंडोजच्या फायली ओळखीच्या. प्रिंटर कंपनीच्या फाइलीचा तुकडा पडला असेल तरी ती 'सगळं ठीक' म्हणेल. त्यावर विसंबून लोक विंडोजला शिव्या देतात.

मालक प्रिंटरची कंपनी असेल

एकेक फाइल सांधायची नाही. सगळा ड्रायव्हर काढून नव्यानं बसवायचा. पण 'काढणं' म्हणजे सेटिंग्जमध्ये रिमूव्ह दाबणं नव्हे. तिथून फक्त प्रिंटरचं नाव जातं, फायली तशाच राहतात, आणि पुन्हा जोडला की विंडोज त्याच जुन्या बिघडलेल्या फायली उचलतं. तीन-तीनदा 'ड्रायव्हर बदलूनही' तोच त्रास होतो तो म्हणून.

नीट काढायचं ते असं. आधी कंपनीच्या साइटवरून तुमच्या मॉडेलचा आणि तुमच्या विंडोजचा पूर्ण ड्रायव्हर उतरवून ठेवा. आधी, कारण काढल्यावर साइट उघडली नाही तर काउंटरवर रांग लागते. प्रिंटरची यूएसबी केबल काढा. सेटिंग्जमधून प्रिंटर रिमूव्ह करा. कंपनीचा प्रोग्रॅम असेल तर तो ॲप्सच्या यादीतून अनइन्स्टॉल करा. मग विंडोज आणि आर, प्रिंटयूआय, जागा, तिरपी रेघ एस, जागा, तिरपी रेघ टी२. प्रिंट सर्व्हर प्रॉपर्टीज नावाची खिडकी थेट ड्रायव्हर्सच्या टॅबवर उघडते. तुमचं मॉडेल निवडून रिमूव्ह दाबा. दोन पर्याय येतात, त्यातला दुसरा घ्या, ड्रायव्हर आणि त्याचं पॅकेज दोन्ही काढणारा.

'वापरात आहे' असं म्हणून नकार आला तर घाबरू नका. वर्ड, ब्राउझर, बिलिंगचं सॉफ्टवेअर सगळं बंद करा, स्पूलर स्टॉप करून लगेच स्टार्ट करा आणि ताबडतोब पुन्हा रिमूव्ह. तरीही नाही तर रीस्टार्ट करून, काहीही न छापता, पहिलं काम हेच.

नवा बसवताना सेटअप सांगेल तेव्हाच केबल जोडायची. घाईनं आधी जोडली की विंडोज स्वतःच्या मनानं दुसराच ड्रायव्हर लावून मोकळं होतं.

अँटिव्हायरसनं फाइल उचलून कोंडून ठेवलेली असते, असंही होतं. विंडोज सिक्युरिटीमध्ये प्रोटेक्शन हिस्टरी उघडून त्या दिवसाची नोंद बघा. फाइल खरोखर कंपनीच्या साइटवरून आलेली असेल तरच परत सोडा.

प्रिंटर बऱ्यापैकी नवा आणि वायफायवर असेल तर कंपनीच्या गठ्ठ्याची गरजच आहे का, हेही विचारा. विंडोज पुष्कळदा मायक्रोसॉफ्ट आयपीपी क्लास ड्रायव्हर नावाचा स्वतःचा ड्रायव्हर लावतं. कंपनीच्या शाईचे रंगीत मीटर दिसत नाहीत, पण साधी पानं छान निघतात आणि बिघडायला तिसऱ्याच्या फायली नसतात. मायक्रोसॉफ्टनं २०२३ च्या सप्टेंबरमध्येच जाहीर केलंय की कंपन्यांचे जुन्या पद्धतीचे नवे ड्रायव्हर विंडोज अपडेटवर घेणं हळूहळू बंद करणार. दुकानासाठी नवा प्रिंटर घेणार असाल तर खोक्यावर मोप्रिया (विंडोजच्या या स्वतःच्या ड्रायव्हरवर चालणाऱ्या प्रिंटरांची खूण) लिहिलंय का ते बघून घ्या.

मालक तिसराच असेल

माझी ती व्हीसीरनटाइम१४० मायक्रोसॉफ्टचीच, पण विंडोजचा भाग नव्हे. व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्यूटेबल नावाचं एक छोटं पॅकेज असतं, कंपन्या आपला प्रोग्रॅम बसवताना ते सोबत बसवतात. एमएसव्हीसीपी१४० ही त्याच घरातली. अपडेट होताना वीज गेली, पॅकेज अर्धवट राहिलं.

उपाय: आधी मी सिस्टिम३२ मध्ये आणून ठेवलेली फाइल पुसली. मग मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून २०१५ आणि त्यानंतरच्या आवृत्त्यांचं हे पॅकेज उतरवलं, एक्स६४ (६४ बिटचं) आणि एक्स८६ (३२ बिटचं) दोन्ही. ६४ बिट कॉम्प्युटरवरही दोन्ही बसवायची, कारण ३२ बिटचे प्रोग्रॅम त्यावर चालतातच. रीस्टार्ट, मग प्रिंटरचं सॉफ्टवेअर पुन्हा बसवलं. ती वीस मिनिटं ती हीच.

इथेच बिलिंगच्या जुन्या सॉफ्टवेअरची तक्रार येते: नोटपॅडमधून प्रिंट निघतं, बिल निघत नाही. असं सॉफ्टवेअर बहुधा ३२ बिटचं असतं आणि ड्रायव्हर ६४ बिटचा. दोघांमध्ये दुभाष्याचं काम स्प्लवाऊ६४ डॉट ईएक्सई नावाचा प्रोग्रॅम करतो. तो अडकला की फक्त जुन्या सॉफ्टवेअरची छपाई थांबते. ते सॉफ्टवेअर बंद करा, टास्क मॅनेजरमध्ये स्प्लवाऊ६४ अजून दिसत असेल तर तोही संपवा, सॉफ्टवेअर पुन्हा उघडा. दोष त्याचा नसताना लोक प्रिंटर बदलून बसतात.

काय करू नये, आणि का

डीएलएल फुकट देणाऱ्या साइटवरून काहीही घेऊ नका. व्हायरस हे एक कारण झालं. दुसरं, स्पूलर सिस्टिम या खात्यानं चालतो, ॲडमिनिस्ट्रेटरपेक्षाही वरच्या अधिकारानं. त्यानं पोटात घेतलेल्या प्रत्येक डीएलएलला तेच अधिकार मिळतात. २०२१ च्या जुलैमध्ये प्रिंटनाइटमेअर नावानं सुरक्षेतली जी पोकळी गाजली, ती हीच: ड्रायव्हर बसवण्याच्या दारातून नुसतं साधं खातं असलेला कुणीही आपली डीएलएल स्पूलरच्या गळी उतरवू शकत होता. मायक्रोसॉफ्टनं घाईघाईनं दुरुस्ती दिली, आणि ऑगस्टपासून नेटवर्कवरच्या प्रिंटरचा ड्रायव्हर बसवायला ॲडमिनिस्ट्रेटरचा पासवर्ड लागू लागला. ऑफिसात पूर्वी आपोआप जोडला जाणारा शेअर केलेला प्रिंटर आता पासवर्ड मागतो, तो म्हणून. तिथे फाइल बिघडलेली नाही. ज्याच्याकडे पासवर्ड आहे त्याला बोलवा.

शेअर केलेला प्रिंटर जोडताना त्याच वर्षीच्या सप्टेंबरपासून दिसू लागलेला ०एक्स०००००११बी हा आकडाही तसाच. दोन्ही कॉम्प्युटरांवर सगळे अपडेट आहेत ना, ते आधी बघा. रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या अंतर्गत सेटिंगांच्या नोंदवहीत, एक शून्य लिहून हा आकडा घालवायचा तोडगा व्हिडिओंमध्ये मिळतो. तो चालतो, पण लावलेलं कुलूप काढून चालतो.

रेगएसव्हीआर३२ ही आज्ञा सगळ्या फायलींवर चालवून बघा, असा सल्लाही मिळेल. ती ठरावीक प्रकारच्या डीएलएलसाठीच आहे. छपाईच्या बहुतेक फायलींना ती दिली तर 'प्रवेशद्वार सापडलं नाही' अशा अर्थाचा निरोप येतो, आणि नवखा माणूस तो दुसरा बिघाड समजून त्याच्या मागे लागतो.

लिनक्सवाल्यांसाठी दोन ओळी. तिथे डीएलएलच्या जागी 'एसओ' शेपटीच्या फायली असतात आणि छपाई कप्स नावाचा प्रोग्रॅम बघतो. त्याची मुख्य सामायिक फाइल लिबकप्स. काय हरवलंय ते एलडीडी ही आज्ञा सांगते, जी फाइल नाही तिच्यासमोर 'नॉट फाउंड' दिसतं. ६४ बिट लिनक्सवर जुना ३२ बिट ड्रायव्हर बसवला तर फाइल समोर असूनही 'अशी फाइल नाही' म्हणतो; ३२ बिटच्या लायब्ररी बसवल्या की चालतो. हरवलेली फाइल तिथेही साइटवरून नव्हे, आपल्या वितरणाच्या (म्हणजे उबुंटूसारखा लिनक्सचा जो अवतार वापरता त्याच्या) पॅकेजमधूनच आणायची.

माझ्याकडे एक जुना लेझर प्रिंटर आहे, ज्याच्या कंपनीनं ६४ बिटचा ड्रायव्हर कधी काढलाच नाही. त्याला नव्या विंडोजवर आणायचे सगळे प्रयत्न करून झाले, फायली इकडून तिकडे नेऊनही. आता तो एका जुन्या विंडोज ७ च्या ३२ बिट डब्याला जोडलाय. विंडोज ७ ला २०२० च्या जानेवारीपासून सुरक्षेचे अपडेट मिळत नाहीत, म्हणून त्याची नेटची केबल मी काढून टाकली. पेनड्राइव्हवर पीडीएफ न्यायची, तिथून छापायची. मंडळाची पावतीपुस्तकं तोच काढतो. यूपीएसची बॅटरी बदलली.